पंचांगाचा तंटा आणि ऐतिहासिक कादंबरी

युरोपांतील ज्योतिर्विदांच्या चरित्रांवर रचलेलीं नाटकें व कादंबऱ्या ज्यांनीं वाचल्या आहेत, त्यांस एक देखावा तोंडपाठ असतो. रोम शहर, १६३३ सालचा जून महिना, धर्मन्यायासनापुढें गुडघे टेकलेला, सत्तरीस आलेला गॅलिलिओ, आणि पृथ्वी फिरते हें मत आपण टाकून दिलें अशी त्याच्याकडून वदवून घेतलेली शपथ. उठतां उठतां तो स्वतःशीं कांहीं पुटपुटला, ही गोष्ट मागाहून कोणीं तरी जोडलेली आहे; परंतु नाटककारांस नेमकी तीच प्रिय. एका बाजूस दुर्बीण, दुसऱ्या बाजूस पोथी. एका बाजूस एकटा मनुष्य, दुसऱ्या बाजूस सारी सत्ता. असा सरळ सामना मिळाला म्हणजे लेखकाचें निम्में काम झालें, आणि आपण कोणत्या बाजूचे हें ठरविण्यास वाचकासही क्षणभर थांबावें लागत नाहीं. आम्हांस विचाराल तर केप्लरचें चरित्र कादंबरीस अधिक योग्य वाटतें. ग्रहांच्या कक्षा लंबवर्तुळाकृति आहेत हें ज्यानें दाखविलें, त्याच मनुष्यास १६१५ पासून १६२१ पर्यंत आपल्या म्हाताऱ्या आईवर चेटकीण म्हणून आलेल्या आरोपाशीं झुंजावें लागलें. आणि हा मनुष्य स्वतः इतका श्रद्धाळू कीं आकाशाचें गणित करणें ही त्यास ईश्वराची पूजाच वाटे. येथें शास्त्र कोठें संपतें आणि धर्म कोठें सुरू होतो, हें सांगणें कठीण. अशा कठीण जागीं जाणारे लेखक थोडे.

मराठींत ऐतिहासिक कादंबरीचा आरंभ १८७१ सालीं रामचंद्र भिकाजी गुंजीकर यांच्या 'मोचनगडा'नें झाला, आणि तेव्हांपासून आमच्या कादंबरीकारांचें चित्त बहुधा गडावर, खलबतखान्यांत किंवा रणांगणांत रमलें. हरिभाऊ आपटे यांच्या 'उषःकाला'ची थोरवी कोणी नाकारीत नाहीं. परंतु ज्या पुणें शहरांत हरिभाऊ लिहीत होते, त्याच शहरांत, त्याच वर्षांत, आकाशांतील ग्रह व घरांतील सण यांच्यामधील एक मोठा वाद चालू होता. त्यांत पंडित होते, प्राध्यापक होते, शाळामास्तर होते, संस्थानिक होते, आणि ज्यांस त्या गणितांतलें अक्षरही कळत नव्हतें अशीं हजारों घरें होतीं. तो वाद घेऊन लिहिलेली नामांकित कादंबरी आमच्या पाहण्यांत नाहीं. तो वाद पंचांगाचा.

ज्योतिष्यावर रचलेली कथा आपल्याकडे मुळींच नाहीं असें मात्र नव्हे. एक आहे, आणि ती घरोघर ठाऊक आहे. भास्कराचार्यांस आपल्या कन्येचें वैधव्य टाळावयाचें होतें. त्यांनीं तिच्या लग्नाचा एकमेव शुभ क्षण गणितानें काढिला व तो साधण्यासाठीं घटिकापात्र पाण्यावर सोडलें. लीलावती कौतुकानें वाकून पाहूं लागली, तिच्या अलंकारांतील एक मोतीं निसटून पात्राच्या छिद्रांत बसलें, आणि घटका भरण्यापूर्वींच क्षण निघून गेला. ही कथा भास्कराचार्यांच्या ग्रंथांत कोठेंही नाहीं. १५८७ सालीं अकबराच्या पदरच्या फैजीनें 'लीलावती'चें फारसी भाषांतर केलें, त्यांत ती आढळते. म्हणजे आचार्यांनंतर चारशें वर्षांनीं. कथा कल्पित आहे हा तिचा दोष नव्हे. कथा कल्पित असावयाचीच. आमची तक्रार निराळी आहे. ज्या पुरुषानें गोलाचें पृष्ठफळ काढिलें, ज्यानें पृथ्वीस आधार कोणाचा, आणि त्या आधारास आधार कोणाचा, असा प्रश्न विचारून शेषकूर्मांची उतरंड मोडली, त्यास लोकांनीं लक्षांत ठेविलें तें मुहूर्त चुकलेला बाप म्हणून. खरें साहित्य चाळीसगांवाजवळ पाटण येथें दगडावर कोरलेलें पडलें आहे. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानें आजोबांचे ग्रंथ शिकविण्यासाठीं तेथें मठ स्थापिला, आणि त्या मठाच्या चरितार्थाची तजवीज तेराव्या शतकाच्या आरंभीं त्या लेखांत नोंदली गेली. आजोबांचें गणित जिवंत राहावें म्हणून धडपडणारा नातू, हा विषय मोत्याहून कमी मोलाचा आहे काय?

भूगोलाचा वाद, म्हणजे पृथ्वी गोल कीं सपाट, स्थिर कीं फिरती, हा आपल्याकडे थोडक्यांत मिटला. त्याचें श्रेय ज्यांस द्यावयाचें त्यांत भोपाळ संस्थानांतील सिहूर येथील सुबाजी बापू हे मराठी ज्योतिषी प्रमुख. तेथील इंग्रज एजंट लान्सलॉट विल्किन्सन यानें त्यांस कोपर्निकसचें मत समजावून दिलें, व तें समजल्यावर सुबाजींनीं १८३६ सालीं 'सिद्धांतशिरोमणिप्रकाश' हा ग्रंथ मराठींत लिहिला. ग्रंथाच्या नांवांतच त्यांची युक्ति आहे. पुराणांतील सपाट पृथ्वी खोडावयाची ती साहेबाच्या आधारानें नव्हे, तर भास्कराचार्यांच्या आधारानें. आणि भास्कराचार्यांच्या खांद्यावर उभें राहून मग पलीकडचें पाहावयाचें. पुराणांत सात समुद्र आहेत म्हणून शाळेंत भूगोल शिकवूं नये असा हट्ट धरणारे लोक पुढेंही भेटत राहिले. परंतु पृथ्वी फिरत असो वा नसो, त्यामुळें कोणाच्या घरची एकादशी पुढेंमागें होत नव्हती. म्हणून त्या वादांत धग नव्हती. धग उत्पन्न झाली ती गणित स्वयंपाकघरापर्यंत पोंचलें तेव्हां.

महाराष्ट्रांतील पंचांगें त्या काळीं ज्या ग्रंथावरून होत, तो 'ग्रहलाघव' शके १४४२ मध्यें, म्हणजे १५२० सालीं, कोंकणांत नांदगांव येथें गणेश दैवज्ञानें रचला. (हें नांदगांव जंजिऱ्याच्या मुरुडाजवळचें. पुढें ज्यांचें नांव येणार आहे ते शंकर बाळकृष्ण दीक्षित दापोलीकडील मुरुडचे. दोन मुरुडांची गल्लत नेहमीं होते.) गणेशाचा बाप केशव हा स्वतः मोठा वेध घेणारा होता. त्यानें सांगितलेल्या ग्रहणांत अंतर पडलें, त्याची हेटाळणी झाली, आणि खिन्न होऊन तो गणपतीच्या पायांशीं बसला असतां देवानें तुझ्या पोटीं येऊन हें काम मीच पुरें करीन असा दृष्टांत दिला, अशी आख्यायिका सांगतात. आख्यायिकेचा अर्थ नीट पाहावा. येथें आकाश व पोथी यांचें जुळेना, तेव्हां देव पोथीच्या बाजूस उभा राहिला नाहीं. पोथी दुरुस्त करावयास तो स्वतः जन्मास आला. गणेशानें ज्या, चाप वगैरे अवघड खटाटोप टाळून इतकी सुटसुटीत रीति बसविली कीं खेड्यांतील जोशीही बोटांवर आंकडे धरून ग्रह मांडूं लागला. ग्रंथाचा हा गुणच पुढें आडवा आला. रीति सोपी झाल्यानें तिचें मूळ पाहण्याचें कारण उरलें नाहीं, आणि आकाशाकडे मान वर करण्याचें तर नाहींच नाहीं. साडेतीनशें वर्षांत अंतर सांचत गेलें.

पुढें छापखाने आले. मुंबईस गणपत कृष्णाजी यांनीं शिळाछापावर पंचांग छापलें तेव्हां शाईंत चरबी असते म्हणून सोंवळ्या मंडळींनीं तें शिवण्याचें नाकारलें, व त्यांनीं तुपाची शाई केली, असें सांगतात. गंमतीची गोष्ट म्हणून ती सांगितली जाते, पण छापलेल्या पंचांगानें एक गंभीर कामही केलें. पूर्वीं गांवचा जोशी सांगेल ती तिथि. दुसऱ्या गांवच्या जोश्यानें काय सांगितलें हें कळावयाचें नाहीं. आतां दोन पंचांगें एका बैठकीवर शेजारीं शेजारीं ठेवतां येऊं लागलीं.

अशा वेळीं केरो लक्ष्मण छत्रे पुढें आले. १८२५ सालीं अलिबागेजवळ नागांव येथें जन्मलेला हा मुलगा पंधराव्या वर्षीं कुलाब्याच्या वेधशाळेंत प्रोफेसर ऑर्लिबार यांच्या हाताखालीं लागला. लोहचुंबकाचे व हवेचे वेध घेण्याची तेथें नोकरी होती; म्हणजे पाहिल्यावांचून लिहावयाचें नाहीं ही संवय त्यांस विश्वविद्यालयांतून मिळाली नाहीं, रात्रपाळींतून मिळाली. मुंबईचें विश्वविद्यालय तेव्हां जन्मासही आलें नव्हतें. पुढें केरूनाना पुण्यास गणिताचे अध्यापक झाले, डेक्कन कॉलेजांत त्यांनीं टिळकांसारखे विद्यार्थी तयार केले, आणि १८६० सालीं युरोपीय ग्रंथांच्या आधारें 'ग्रहसाधनाचीं कोष्टकें' हें मराठी पुस्तक प्रसिद्ध केलें. १८६५ पासून आबासाहेब पटवर्धन यांच्या साहाय्यानें त्यांनीं नवीन पंचांग काढिलें. त्यास पुढें पटवर्धनी पंचांग म्हणूं लागले. इंग्रजी नाविक पंचांगावरून ग्रह घ्यावे, व तिथिनक्षत्रें आकाशांत जशीं असतील तशीं छापावीं, इतकाच त्याचा बाणा.

आतां वाचकांनीं किंचित् गणित सहन करावें; कारण तंट्याचें सर्व मर्म त्यांत आहे. चंद्र सूर्याच्या पुढें बारा अंश गेला कीं एक तिथि संपते. चंद्राची चाल एकसारखी नाहीं. ती दुरुस्त करण्यास आमच्या ग्रंथकारांनीं एक संस्कार सांगितला, तो जास्तींत जास्त सुमारें पांच अंशांचा. युरोपांत अनेक संस्कार निघाले, आणि त्यांतील दुसऱ्याचा चमत्कार असा कीं पौर्णिमा व अमावास्या यांच्या सुमारास तो पहिल्यांत मिसळून बेरीज पांच अंशांचीच होते, पण अष्टमीच्या सुमारास ती साडेसात अंशांपर्यंत जाते. (दहाव्या शतकांत मुंजालानें 'लघुमानसां'त असा संस्कार दिला होता, पण पुढच्या करणग्रंथांत तो बहुधा घेतला गेला नाहीं.) आमच्या पूर्वजांनीं आपलें गणित ग्रहणांवरून पारखलें होतें. ग्रहणें होतात अमावास्येस आणि पौर्णिमेस. तेथें पोथी खरी ठरे, म्हणून मधल्या दिवसांतही ती खरीच असली पाहिजे अशी समजूत झाली. वस्तुतः अष्टमीच्या आसपास अडीच अंशांचा, म्हणजे सुमारें बारा घटिकांचा, फरक पडूं शके. बारा घटिका म्हणजे पांच तासांहून थोडें कमी. सूर्योदयीं दशमी आहे कीं एकादशी, अपराह्णीं तृतीया लागली कीं नाहीं, हें पांच तासांत सहज उलटतें.

येथेंच शास्त्रीमंडळींचा मुख्य आक्षेप येतो, आणि तो हंसण्यावारी नेण्यासारखा नाहीं. परंपरेंत 'बाणवृद्धि रसक्षय' असा नियम मानीत. बाण पांच, रस सहा. साठ घटिकांची तिथि वाढली तर पांच घटिकांनीं वाढेल, घटली तर सहांनीं घटेल. धर्मशास्त्रांतील वेध, क्षय, वृद्धि, व्रताचा दिवस कोणता धरावा व श्राद्धाचा कोणता, हे सारे निर्णय ह्या मर्यादा गृहीत धरून बांधलेले. नव्या गणितानें तिथि पन्नास घटिकांपर्यंत आंखडते आणि सदुसष्टांपर्यंत ताणते. म्हणजे वाढ सातांची व घट दहांची. तेव्हां शास्त्री म्हणत, तुमची तिथि आकाशांत खरी असेल, पण ज्या तिथीवर आमचें धर्मशास्त्र उभें आहे ती ही नव्हे. तुम्ही एक वीट बदललीत, आतां वरची भिंत कोण बांधणार? आम्हांस वाटतें, हा प्रश्न विचारणारा मनुष्य मूर्ख नव्हता. नव्या पक्षाचें उत्तरही जुन्यांच्याच भांडारांतलें होतें: गणित व दृष्टि यांचें ऐक्य पाहावें असें सिद्धांतकारांनींच सांगितलें आहे, केशवानें वेध घेतले, गणेशानें घेतले, ज्यांस तुम्ही पूर्वाचार्य म्हणतां त्यांनीं आपल्या पूर्वाचार्यांस सुधारलें, म्हणून तर ते आचार्य झाले. धर्म विरुद्ध शास्त्र असा हा सामना नव्हताच. दोन्हींकडे सोंवळीं नेसलेलीं माणसें, दोन्हींकडे तेच ग्रंथ, आणि दोन्हींकडे खरें पाप कोणतें याचीच भीति.

ह्या भीतीचें स्वरूप आजच्या तरुण वाचकांच्या लक्षांत येणें कठीण आहे. एखाद्या घरांतील म्हातारी विधवा डोळ्यांपुढें आणावी. तिचें सारें वर्ष तिथींनीं बांधलेलें. नवऱ्याच्या श्राद्धाचा दिवस तिला कॅलेंडरांतील तारखेनें ठाऊक नाहीं. ज्या तिथीस तो गेला ती तिथि ठाऊक. मुलगा कॉलेजांत केरूनानांच्या वर्गांत शिकून येतो व सांगतो कीं, आई, पिंड उद्यां ठेवावयास पाहिजेत, आज नव्हे. त्याचें गणित बिनचूक आहे. पण तिच्या दृष्टीनें प्रश्न असा, कीं आजवर पंचवीस वर्षें त्यांस आपण जेवूं घातलें तें कोणत्या दिवशीं? तें पोंचलें कीं नाहीं? गॅलिलिओच्या न्यायाधीशांस असला प्रश्न कधीं पडला नसेल. पटवर्धनी पंचांगास अनुयायी थोडे मिळाले, याचें कारण लोकांचें अज्ञान, असें सुधारक लिहीत. आम्हांस ही म्हातारी अधिक खरें कारण वाटते.

केरूनाना १८८४ सालीं वारले. त्यांच्या हयातींतच आणखी एक पक्ष निघाला होता आणि त्यानें त्यांच्यावरही शस्त्र धरिलें. विसाजी रघुनाथ लेले, जनार्दन बाळाजी मोडक आणि शंकर बाळकृष्ण दीक्षित हे सायनवादी. त्यांचें म्हणणें असें: दक्षिणायन संपून उत्तरायण लागतें तें डिसेंबरच्या २१-२२ तारखेस, मग मकरसंक्रांतीचा तिळगूळ जानेवारींत कां? अयनबिंदु मागें सरकत आहेत, सुमारें बहात्तर वर्षांस एक अंश. असेंच चालूं दिलें तर वसंतऋतूचा चैत्र एक दिवस पावसाळ्यांत जाईल. म्हणून वर्ष ऋतूंस बांधा. गणितदृष्ट्या यास उत्तर नाहीं. परंतु असें केलें तर नक्षत्रें हातचीं जातात. चैत्री पौर्णिमेचा चंद्र चित्रेजवळ दिसेनासा होतो, आणि ज्यास आकाशांतील तारा ओळखतां येतो त्या शेतकऱ्यास पंचांग खोटें वाटूं लागतें. अशा रीतीनें दृष्टीस प्रमाण मानणाऱ्यांच्याच दोन दृष्टि झाल्या.

दीक्षितांविषयीं थोडें अधिक लिहिल्यावांचून पुढें जाववत नाहीं. १८५३ सालीं जन्मलेला हा कोंकणस्थ गृहस्थ म्याट्रिकपलीकडे परीक्षा देऊं शकला नाहीं. गांवोगांवच्या शाळांत शिक्षकी, मग अखेरीस पुण्याचें ट्रेनिंग कॉलेज. या नोकरींतून उरलेल्या वेळांत त्यांनीं 'भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास' लिहिला. १८८८ मध्यें तो पुरा झाला, आणि १८९६ मध्यें पुण्यास आर्यभूषण छापखान्यांत छापून निघाला. वेदांपासून केरूनानांपर्यंत प्रत्येक ग्रंथकाराचें वर्षमान, क्षेपक, अयनांश स्वतः गणित करून तपासलेले. शिलालेखांतील तिथींचा पडताळा पाहण्यासाठीं फ्लीटसारखा पंडित ह्या शाळामास्तराच्या आंकड्यांवर विसंबून असे. सीवेल यानें त्यांच्यासह 'इंडियन कॅलेंडर' हा ग्रंथ त्याच १८९६ सालीं प्रसिद्ध केला. या इतिहासाचा विशेष असा कीं लेखक स्वतः एका पक्षाचा असूनही प्रतिपक्षाचें म्हणणें तो पुरें मांडतो. केरूनानांशीं त्यांचा मतभेद होता. पण केरूनानांची योग्यता सांगतांना दीक्षितांची लेखणी आंखडत नाहीं. वादाच्या धुळवडींत हें फार दुर्मिळ. आमच्या कादंबरीकारास नायक हवा असेल तर त्यानें हा घ्यावा. फक्त त्याच्या तोंडीं मोठीं भाषणें घालूं नयेत.

यापुढील भाग आम्ही झपाट्यानें सांगतों, कारण त्यांत माणसें थोडीं व ठराव फार. १८९३ मध्यें 'ओरायन' लिहून अयनचलनावरून वेदांचा काळ काढणाऱ्या टिळकांस पंचांगाचा प्रश्न टाळणें शक्यच नव्हतें. 'केसरी'तून त्यांनीं त्यावर लिहिलें, १९०४ सालीं मुंबईस ज्योतिषी व शास्त्री यांची परिषद भरविण्यांत पुढाकार घेतला, आणि १९२० मध्यें सांगलीस पुन्हां परिषद झाली. सायनवाद मागें पडला होता. निरयन पंचांग शुद्ध गणितानें करावें येथपर्यंत बहुतेक आले. तंटा उरला तो इतकाच: राशिचक्राचा आरंभ कोठून मोजावयाचा? जुन्या ग्रंथांत रेवतीची योगतारा आरंभीं आणि चित्रेची बरोबर समोर, १८० अंशांवर, सांगितली आहे. केरूनाना व त्यांच्या मागून टिळक यांनीं रेवतीची जी तारा धरली ती झीटा पिशियम. आणि ती इतकी मंद कीं चांगल्या काळोख्या रात्रींही ती शोधावी लागते. बागलकोटास शिक्षकी केलेले व्यंकटेश बापूजी केतकर यांनीं चित्रेचा पक्ष घेतला; चित्रा तेजस्वी, ती कोणालाही दाखवितां येते. दोन्ही तारा एकमेकींसमोर असत्या तर भांडणच नव्हतें. पण त्यांच्यामधील अंतर १८० नसून जवळजवळ १८४ अंश आहे. ह्या चार अंशांवर महाराष्ट्रांतील विद्वान् पिढीच्या पिढी भांडले. (केतकरांची बुद्धि एवढ्यांतच अडकली नव्हती, हें नमूद केलें पाहिजे. १९११ मध्यें त्यांनीं फ्रेंच ज्योतिष संस्थेच्या पत्रिकेंत वरुणापलीकडे आणखी ग्रह असावे असें गणित मांडलें व त्यांतील एकाचें सूर्यापासूनचें अंतर पृथ्वीच्या अंतराच्या सुमारें ३९ पट काढिलें. १९३० मध्यें प्लूटो सांपडला तेव्हां त्याचें अंतरही तितकेंच निघालें. त्यास योगायोग म्हणणारे म्हणोत. प्लूटो त्यांच्या गणिताइतका भारी नाहीं हें पुढें ठरलें. त्याच वर्षीं ऑगस्टांत केतकर वारले.)

चार अंश म्हणजे चार दिवस. टिळकपंचांगाची संक्रांत १० जानेवारीस, इतरांची १४ जानेवारीस. एवढेंच असतें तर तिळगूळ दोनदां खाल्ला असता. परंतु ज्या चांद्रमासांत सूर्यसंक्रांति पडत नाहीं तो अधिक, असा नियम असल्यामुळें केव्हां केव्हां एका पंचांगांत जो महिना अधिक तो दुसऱ्यांत निज ठरतो, आणि मग सारे सण महिनाभर सरकतात. २०१२ सालीं दाते पंचांग मानणाऱ्या घरांत गणपति १९ सप्टेंबरास बसले. टिळकपंचांग मानणाऱ्या पुण्यांतील व कोंकणांतील घरांत ते ऑगस्टांतच येऊन गेले होते. एका घरच्या लेकीनें माहेरीं गौरी जेववून सासरीं पुन्हां आणावयाच्या, असाही योग त्यांत आला. १९५२ मध्यें मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालीं भारत सरकारनें पंचांगशोधन समिति नेमली, तींत 'केसरी'चे माजी संपादक जनार्दन सखाराम करंदीकर व नागपूरचे केशव लक्ष्मण दप्तरी हे दोन मराठी गृहस्थ होते. समितीनें धार्मिक कृत्यांसाठीं चित्रापक्ष व व्यवहारासाठीं सायन वर्ष स्वीकारलें, आणि २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. लेले-दीक्षितांची सायन गणना अशा रीतीनें सरकारी कागदावर चढली. तिच्याप्रमाणें उपास कोणी करीत नाहीं.

हें सर्व पाहिल्यावर कादंबरीकाराची अडचण आमच्या लक्षांत येते. येथें तुरुंग नाहीं, होळी नाहीं, शपथ नाहीं. केरूनानांस कोणीं वाळींत टाकलें असें दाखविलें तर तो इतिहासाचा खून होईल. ते रावबहादूर होऊन, विद्यार्थ्यांच्या प्रेमांत न्हाऊन वारले. शास्त्र्यांस खलपुरुष करावें तर त्यांच्यापैकीं अनेकांचें गणित नव्या लोकांच्या तोडीचें. शिवाय ज्या पक्षानें आकाशास साक्षी ठेवलें, तोच आपसांत तीन वाटांनीं फुटला. असल्या साहित्यांतून कादंबरी काढावयाची तर ती सभेंत घडून चालणार नाहीं. ती माजघरांत घडली पाहिजे, आणि लेखकास चंद्राचे संस्कार निदान केरूनानांच्या मध्यम विद्यार्थ्याइतके तरी कळले पाहिजेत. गॅलिलिओचा साचा घेऊन त्यांत पुणेरी पगडी बसविण्याचा मोह ज्यास आवरत नसेल, त्यानें पुन्हां गडावर जावें हें बरें.

एक प्रसंग मात्र तयार आहे, आणि तो कोणी तरी उचलावा अशी आमची इच्छा आहे. पुण्याच्या सायन्स कॉलेजांत कावसजी नायगमवाला हे पारशी प्राध्यापक होते. भावनगरच्या महाराजांच्या देणगीनें उभारलेल्या तख्तसिंगजी वेधशाळेंत त्यांची वीस इंची परावर्तक दुर्बीण होती; हिंदुस्थानांत तेव्हां तिच्याएवढी दुसरी नव्हती. नायगमवाला निवृत्त झाल्यावर, १९१२ मध्यें, ती कोडाइकॅनॉलास गेली. २२ जानेवारी १८९८, शके १८१९ ची पौष अमावास्या, या दिवशीं खग्रास सूर्यग्रहण होतें व त्याची छाया महाराष्ट्रांतून जात होती. नायगमवाल्यांनीं आपलें बिऱ्हाड सोलापुराकडील जेऊर स्टेशनाजवळ नेलें. अमेरिकेच्या लिक वेधशाळेची मंडळीही तेथेंच उतरली होती. तंबू, लांबलचक दुर्बिणी, कांचा, घड्याळें. आणि तिकडे नदीच्या घाटावर, अंगावर ओलें वस्त्र व हातांत जपमाळ घेऊन, स्पर्श केव्हां होतो याची वाट पाहणारीं माणसें. पुण्यास प्लेगानें घरें रिकामीं केलेलीं. दीक्षितांचा इतिहास प्रसिद्ध होऊन दोन वर्षें झालेलीं, व त्यांच्या आयुष्याचे तीनच महिने उरलेले. अमावास्येस जुनें व नवें गणित जवळ येतें, हें वर सांगितलेंच आहे. त्या दिवशीं ग्रहण आहे कीं नाहीं याविषयीं ग्रहलाघवी, पटवर्धनी, सायन, कोणाचाही कोणाशीं वाद नव्हता.